निवारखेड्याचा थोरला कागद

प्रेमराजभाऊ फेगडे त्या दिवशी घरातून निघाले ते चष्म्याची सैल काडी घट्ट करून घ्यायला. दुसरं काही काम नव्हतं. रिटायर माणसाला काम तरी कसलं असणार म्हणा! बायको जाऊन चार वर्षं झालेली, लेक भाविका नाशिकला दिलेली, आणि जळगावातल्या दोन खोल्यांत स्वतःचा खोकला स्वतःलाच ऐकत बसायचं. चष्मा झाला, ऊन डोक्यावर आलं, म्हणून ते सुरेशचंदच्या वह्या-कागदांच्या दुकानात पंख्याखाली टेकले. तेवढ्यात फोन वाजला. धाकटी बहीण कुंदा.

“भाऊ, परवा आखाजीले येशील का?”

“अक्षय तृतीयेला? या उन्हाचं?”

“ये ना भाऊ. आन येताना जाड कागद घेऊन येजो. काळी शाई, टाक. एक नक्कल करायची हाय.”

कुंदानं उभ्या जन्मात भावाकडं काही मागितलं नव्हतं. नवरा गेला तेव्हासुद्धा नाही. एवढं बोलून ती गप्प झाली आणि फोनमध्ये नुसता तिचा श्वास येत राहिला. प्रेमराजभाऊ सुरेशचंदला म्हणाले, “एक दस्ता जाड कागद काढ बाबा.”

आता हे प्रेमराजभाऊ कोण, ते सांगायला हवं. चौतीस वर्षं नक्कल कारकून. कचेरीतला जुना कागद समोर ठेवायचा आणि त्याची हुबेहूब प्रत हातानं उतरवायची, हे काम. प्रतीच्या खाली दोन सह्या. एक ‘नक्कल करणार’, दुसरी ‘रुजवात घेणार’. रुजवात म्हणजे एकानं मूळ कागद मोठ्यानं वाचायचा आणि समोरच्या खुर्चीतल्यानं नक्कल ताडून बघायची. मूळ कागदावर माशी मेलेली असली तर हा गडी नकलेवरही माशी मारून चिकटवील, असं कचेरीत लोक हसून म्हणायचे. प्रेमराजभाऊ रागवत नसत. जिथं फाटलंय तिथं ‘फाटले आहे’ लिहायचं, जिथं कसरीनं खाल्लंय तिथं ‘वाचत नाही’ लिहायचं, आपल्या मनचं अक्षर घालायचं नाही. हा त्यांचा धर्म होता.

तो काही आभाळातून पडला नव्हता. नोकरीच्या दुसऱ्या वर्षी एका तालुक्याच्या कचेरीत त्यांनी एका वाटणीपत्राची नक्कल केली होती. घडीवर एक शब्द झिजलेला. मागचा-पुढचा मजकूर बघून शेंबडं पोरही सांगेल की विहीर पूर्वेकडची. त्यांनी ‘पूर्वेकडील’ लिहून टाकलं. विहीर पश्चिमेकडची निघाली, पण ते कळेपर्यंत निकाल लागून गेला होता. वच्छलाबाई नावाच्या एका विधवेचं पाणी गेलं. बाई भांडली नाही. दर बाजाराच्या दिवशी कचेरीसमोरच्या निंबाखाली येऊन बसायची, घरून आणलेल्या तांब्यातलं पाणी घोट घोट प्यायची आणि खिडकीतल्या प्रेमराजकडं बघत राहायची. अशी तीन वर्षं. मग एका बाजाराला आली नाही.

असो. आखाजीच्या दिवशी पहाटेच्या बसनं निघून, फैजपूर मागं टाकून, ते नऊला रावेरला उतरले. तिथून केळी भरायला निघालेल्या ट्रॅक्टरवर बसून सातपुड्याच्या अंगाला. चार दिवसांपूर्वी वादळ होऊन गेलेलं. दोन्ही हातांना केळीच्या बागाच्या बागा आडव्या. कमरेत मोडलेली खोडं, चिखलात घड, आणि सगळीकडं त्या सडत्या केळीचा आंबूस वास. माणसं बांधावर नुसती बसून होती. पण निवारखेड्याची शीव आली आणि पुढं केळी सरळ उभी! एक पान फाटलेलं नाही. शिवेच्या दगडाच्या अलीकडं मोडलेली बाग, पलीकडं हिरवी भिंत. ट्रॅक्टरवाल्यानं दगडाशीच ट्रॅक्टर थांबवला.

“इथून पायी जा नाना,” तो म्हणाला. “आपन आत जात नाई.”

निवारखेडं तलाठ्याच्या नकाशात आहे. फक्त वाऱ्याच्या नकाशात नाही, असं आजूबाजूचे म्हणतात. त्या गावाच्या रीती जगावेगळ्या. कुणी शीळ घालायची नाही. दिवा फुंकून विझवायचा नाही, बोटांनी चिमटायचा. घरात पंखा नाही, विजेचा नाही की पुठ्ठ्याचा नाही. बहिणीच्या लग्नापासून प्रेमराजभाऊ हे ऐकून होते आणि ‘एकेक गावाचं एकेक खूळ’ म्हणून सोडून देत होते.

कुंदानं चहा दिला. गरम होता. प्रेमराजभाऊंनी बशी तोंडाशी नेऊन ओठ गोल केले मात्र, कुंदानं झडप घालून त्यांच्या तोंडावर हात ठेवला. चहा धोतरावर सांडला.

“फुंकू नको! आज तरी नको भाऊ... आज त्याचा दिवस हाय.”

“कुणाचा?”

कुंदा खाली बसली. ओसरीच्या कोपऱ्यात पितरांची घागर भरून ठेवलेली होती, वर डांगराचं फळ, हळदी-कुंकू. आखाजीला घरोघर असते तशीच. तिच्याकडं बघत कुंदा म्हणाली, “नवीन सुरतेले नाई गेलेला. मी खोटं सांगितलं तुले.”

नवीन तिचा एकुलता एक. बावीस वर्षांचा. वर्षापूर्वी सुरतेला कारखान्यात लागला, असं सगळ्या नात्यात सांगितलेलं.

“मग कुठाय?”

“शिवेवर. साल धरलंय त्यानं.”

खानदेशात सालदार कोण, हे सांगायला नको. आखाजीला ठरतो, वर्षभर मालकाच्या शेतात राबतो, पुढच्या आखाजीला मोकळा होतो. पण निवारखेड्याचा सालदार शेतकऱ्याकडं राहत नाही. गाव वसलं तेव्हा पहिल्या सात घरांनी ‘त्या’च्याशी करार केला. त्याचं नाव घ्यायचं नाही, ‘तो’ म्हणायचं. दरसाल एका घरानं एक माणूस द्यायचा, त्यानं वर्षभर शिवेवर राबायचं, आणि ‘त्या’नं शीव ओलांडायची नाही. वर्ष भरलं की माणूस परत. घरांची पाळी ठरलेली. दीडशे-पावणेदोनशे वर्षं हे चाललेलं. गावाचा सगळा कायदा तेवढाच, एका कागदावर. थोरला कागद.

“आज दिवस बुडायले तो कागद शिवेवर वाचतेत,” कुंदा म्हणाली. “वाचला म्हंजे नवीन येईन. पन कागद गेल्या आखाजीलेच तुटायले आलता भाऊ. नवी नक्कल पाहिजे. आन गावातल्या मानसाले ती करता येत नाई.”

“का?”

उत्तर दारातून आलं. “पक्षकारानं स्वतःचा करार लिहू नये. आठवं कलम.” लोटनआबा उभे होते. ऐंशीच्या घरातले, हातात तांब्याची नळी. कागद त्यांच्या ताब्यात असायचा आणि वाचायचा मानही त्यांचाच.

“झेरॉक्स काढायची की आबा,” प्रेमराजभाऊ हसण्यावारी नेत म्हणाले. हसू काही नीट आलं नाही.

“काढली होती. तो मानत नाही. हाताचंच लागतं त्याला.” आबा बसले. “आणि एक. नवी नक्कल झाली की जुना कागद पाण्यात सोडायचा. मग नक्कल हाच मूळ कागद. तुम्ही लिहाल तो कायदा. आम्ही मधे बोलणार नाही, आम्हाला बोलता येत नाही. मात्र जे कागदावर असेल ते मी वाचणार. सगळं वाचणार. कमी नाही, जास्त नाही.”

नळीतून कागद निघाला तेव्हा प्रेमराजभाऊंची भीती घटकाभर पळाली, खरं सांगायचं तर. काय अक्षर! बोरूचं, टपोरं, बाळबोध. *कलम पहिलें: या शिवारांत कोणीं शीळ घालूं नये. कलम दुसरें: दिवा फुंकूं नये.* ओळीला ओळ, मोत्याला मोती. त्यांनी खाट ओढली, पाटावर कागद पसरला, टाक शाईत बुडवला. बाहेर भर दुपार. घरं बंद, कुत्री ओट्याखाली, सगळ्या गावात वाऱ्याची झुळूक नाही. शिवेपलीकडून मात्र एकसारखा आवाज येत होता, गोणपाट जमिनीवरून ओढत न्यावं तसा. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत जायचा आणि परत यायचा.

सहा कलमं झाली. सातव्यावर त्यांचा हात थांबला.

*कलम सातवें: साल भरलियावर सालदारास त्याच्या अकरा जिनसा परत द्याव्या. हात, पाय, डोळे, कान, वाचा, भूक,* आणि पुढं कसरीनं खाल्लेलं भोक. मग *झोप, सावली,* पुन्हा भोक. मग *नांव. यांत अधिक उणें करूं नये.*

प्रेमराजभाऊंनी कागद उजेडाला धरला. भिंग लावलं. उलटा केला. शाईचा ठिपकाही उरला नव्हता.

“गेल्या साली होते का हे शब्द?” त्यांनी विचारलं.

लोटनआबांचा चेहरा राखेसारखा झाला होता. “होते,” ते म्हणाले. “मी दरसाल वाचतो ते. पण आता आठवत नाहीत. कागदावर असतं तेवढंच डोक्यात राहतं आमच्या. सकाळपासून आठवतोय...”

कुंदा पुढं सरकली. तिला अक्षर फार येत नव्हतं, पण भोकं दिसत होती. तिनं भावाकडून सगळं दोनदा वाचून घेतलं.

“भुकेमागं तहानच येनार,” ती म्हणाली. “भूक-तहान! त्याच्यात इचार कसला? लिही.”

“मलाही तेच वाटतं कुंदे.”

“मग लिही ना!”

“वाटणं वेगळं आणि वाचणं वेगळं. माझ्या एका शब्दानं एका बाईचं पाणी गेलंय. शेंबडं पोर सांगेल असाच शब्द होता तोही.”

“आन हे दुसरं?”

“ते तर सुचतसुद्धा नाही.” सावली आणि नाव यांच्यामध्ये माणसाचं काय असतं? त्यांनी मनात खूप चाचपलं. काही हाताला लागेना.

“काईही लिही. माया लिही, दया लिही... पोरगं येनार हाय रे माझं!” कुंदानं त्यांचे पाय धरले. साठीतल्या भावाचे पाय पंचावन्नची बहीण धरते, आणि भावाच्या हातात टाक! प्रेमराजभाऊंच्या डोळ्यांतून पाणी पडलं, ते कागदावर पडू नये म्हणून त्यांनी मान वळवली. बघा, तेव्हाही कागद सांभाळला.

त्यांचा हिशोब असा होता. आपण भलता शब्द घातला तर ते ‘अधिक’ झालं, आणि कलमच मोडलं. ‘वाचत नाही’ लिहिलं तर निदान जागा राखली जाते. इथं शब्द होता, असं कागद स्वतः सांगतो, कुणाचा हक्क बुडत नाही. कचेरीत हेच बरोबर होतं. तिथं मग कुणीतरी अर्ज करतं, चौकशी लागते, साक्षी होतात. शिवेवर चौकशी कोण करणार, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही. चौतीस वर्षांची सवय माणसाला असं आंधळं करते.

त्यांनी लिहिलं: *भूक, (येथे एक शब्द वाचत नाही), झोप, सावली, (येथे एक शब्द वाचत नाही), नांव.*

कुंदा उठून आत गेली.

खाली त्यांनी ‘नक्कल करणार’पुढं सही केली. ‘रुजवात घेणार’ची जागा मोकळी राहिली. गावातल्या कुणाला तिथं सही करता येत नव्हती. मग सवयीनंच त्यांनी आणखी एक प्रत काढली, आपल्याजवळ ठेवायची स्थळप्रत, आणि पिशवीत घातली. जुना कागद आबांनी नाल्याच्या डोहात सोडला. पाण्याला लागताच त्याचा लगदा झाला.

दिवस बुडायला आला तसा गाव शिवेवर जमला. बाया-माणसं, तान्ही पोरं. शिवेच्या दगडापलीकडं धुळीची भिंत उभी होती, माणसाच्या उंचीच्या दुप्पट, जागच्या जागी गरगरत. अलीकडं केळीचं पान हलत नव्हतं. या सालचा सालदार वना, चाळिशीचा, नवं धोतर नेसून उभा. त्याची बायको रत्ना त्याच्या सदऱ्याची बाही धरून होती. लहान मूल जत्रेत धरतं तशी.

लोटनआबांनी वाचायला सुरुवात केली. प्रत्येक कलमाला धूळ जरा खाली बसायची. सातवं आलं.

“हात,” आबा वाचत होते. “पाय. डोळे. कान. वाचा. भूक.” त्यांनी कागद डोळ्यांजवळ नेला. “येथे एक शब्द वाचत नाही.”

धूळ थांबली. पडली नाही, थांबली. एकेक कण हवेत जिथल्या तिथं. इतका वेळ चाललेला तो गोणपाट ओढल्यासारखा आवाजही बंद. कुणीतरी पुन्हा एकदा नीट ऐकून घ्यावं, तसं ते थांबणं होतं.

“झोप... सावली... येथे एक शब्द वाचत नाही... नाव.”

मग धूळ एकदम खाली बसली, आणि तिच्या मागं नवीन उभा होता. गेला त्याच शर्टात. केस वाढलेले, पाय पांढरे झालेले. तो दगड ओलांडून आत आला. त्याच वाटेनं वना बाहेर गेला. रत्नाच्या हातात बाही क्षणभर ताणली गेली आणि सुटली.

“नवीन!” कुंदानं किंकाळी फोडली आणि त्याला मिठी मारली. हात चाचपले, पाय चाचपले, गाल, कान.

“आई, दुखतंय ना,” तो हसला. मग मामाकडं बघून म्हणाला, “मामा, कधी आलात? बसनं?” खाली वाकून पाया पडला. सावली पडली होती. लांब, नेहमीसारखी. प्रेमराजभाऊंना हुंदका फुटला. वाटलं, निभावलं देवा.

घरी आल्यावर कुंदानं पहिल्यांदा पाण्याचा तांब्या पुढं केला. नवीननं तो घेतला आणि बाजूला ठेवला. जेवायला मांडे, आमरस, सगळं पोटभर जेवला. पाणी नाही. झोपायच्या आधी कुंदानं विचारलं, “पानी पे ना बापा.” तो जरा गोंधळून म्हणाला, “कशासाठी?”

सकाळी तांब्या तसाच भरलेला होता. कोपऱ्यातली पितरांची घागर मात्र चार बोटं उतरली होती. डांगर जागचं हललेलं नव्हतं, जमीन कोरडी होती.

“झिरपली असेल,” प्रेमराजभाऊ म्हणाले.

“मंग जमीन कोरडी कशी भाऊ?” कुंदा म्हणाली, आणि तिनं घागर पुन्हा काठोकाठ भरली.

ते जळगावला परत आले. फोन करायचे तर कुंदा तुटक बोलायची. नवीन बरा आहे, कामाला जातो, घागर रोज भरते. पाऊस लागला, सरत आला, तेव्हा एका दिवशी न राहवून प्रेमराजभाऊ पुन्हा निवारखेड्याला गेले. आधी लोटनआबांना गाठलं.

“आबा, ‘तहान’ लिहू द्या. माझं चुकलं. निदान वना तरी नीट येईल.”

आबांनी नळी मांडीवर घट्ट धरली. “कशावरून लिहिणार? मूळ कागद कुठाय? मूळ कागदाशी ताडल्याशिवाय नकलेत दुरुस्ती होत नाही, हे तुम्हीच सांगा होतं का, भाऊसाहेब?”

होत नाही. चौतीस वर्षं त्यांनी हेच लोकांना खिडकीतून सांगितलं होतं. ते उठले.

कुंदाच्या घरी नवीन ओसरीवर बसून केळीचे दोर वळत होता. मामांना बघून उठला, हसला, पाणी आणून दिलं. चांगलं, गुणी पोर. पण आतल्या खोलीतून कुंदाच्या बोलण्याचा आवाज येत होता. हळू, लाडाचा. प्रेमराजभाऊंनी आत डोकावलं. घागर आता आत आणलेली होती. कुंदा तिच्याशी मांडी घालून बसली होती, पदरानं तिचा काठ पुसत होती.

“पे माझ्या राज्या. सावकाश पे. कोनी नाई घेत तुझं...”

घागरीतलं पाणी थरथरलं आणि बोटभर खाली गेलं.

“कुंदे,” प्रेमराजभाऊ म्हणाले. “नवीन बाहेर बसलाय.”

“बसलाय ना. चांगला हाय तो. कामाचा हाय.” तिनं मान वर केली नाही. “पन जे तहानेलं असतं ते लेकरू असतं भाऊ. आईले तेच कळतं.”

“मी तुझं वाटोळं केलं.”

“तू खरं लिवलं,” ती म्हणाली. त्यात राग नव्हता, म्हणूनच ते त्यांच्या काळजात गेलं. “एक घरी आलं माझ्या. दुसरं नाई आलं. मी लय वाट पाह्यली. ते तुझ्याकडं आलं असंल भाऊ. तू तिथं जागा मोकळी ठेवली ना, सहीची... समोरची.”

परतताना शिवेच्या दगडापाशी रत्ना उभी होती. रोज उभी राहते म्हणे. पलीकडं काहीच दिसत नव्हतं, नुसतं मोकळं रान आणि तो ओढल्यासारखा आवाज. तिनं डोक्यावरचा पदर सारखा केला.

“भाऊ, एक इचारू? ते तहानेचं आम्ही पाह्यलं. घागर घेऊन ठेवली म्या. पन ते दुसरं काय व्हतं? आत्तापासून ठावकी असलं म्हंजे... तयारी करता येते. तुमाले कळलं तर फोन करसान ना?”

“करीन ताई,” प्रेमराजभाऊ म्हणाले. माणूस दुसरं काय म्हणणार?

जळगावच्या खोलीत दोन खुर्च्या आहेत, मधे टेबल. एका खुर्चीत ते बसतात. समोरची बायको गेल्यापासून रिकामी. त्या दिवशी घरात शिरल्यावर त्यांनी सहज म्हणून समोरच्या खुर्चीवर हात ठेवला. गरम होती. कुणी आत्ताच उठून गेल्यासारखी. मागच्या आखाजीपासून ती अशीच असणार, फक्त आपण हात लावला नव्हता, हे त्यांना तेव्हा कळलं. बऱ्याच वेळानं त्यांनी स्थळप्रत काढली, टेबलावर ठेवली.

तेव्हापासून त्यांचा नेम झाला. दुपारी जेवण झालं की समोर बसायचं आणि एकेक शब्द मोठ्यानं वाचायचा, रुजवातीला वाचतात तसा. आधी सातव्या कलमातली ओळ. मग त्या भोकाच्या जागी एक शब्द, आणि थांबायचं.

“सावली, माया, नाव.” काही नाही.

“सावली, लाज, नाव.” काही नाही.

दया, भीती, आठवण, घाम, आसू, हसू... रोज दहा, रोज वीस. सगळा पौष-माघ यातच गेला. शब्दकोश आणला, त्यातले शब्द घेतले. खुर्ची नुसती ऊबदार असायची, ऐकणाऱ्या माणसासारखी गप्प. हळूहळू त्यांची भीती बोथट झाली. खरं सांगू? सोबत झाली त्यांना. “आज जमत नाही रे,” असं ते तिला म्हणायला लागले.

आखाजी पंधरा दिवसांवर आली. भर दुपारी, पंखा बंद ठेवून (आता तेही पंखा लावत नव्हते), त्यांनी ओळ वाचली आणि त्यात एक शब्द घातला. साधा शब्द. रोजच्या बोलण्यातला. तो तोंडातून निघाला आणि समोरची खुर्ची करकरली. बसलेल्या माणसानं पुढं वाकावं, तशी.

प्रेमराजभाऊंनी तोंडावर हात दाबून धरला. म्हणजे नवीन... वर्षभर त्या पोराच्या अंगात ‘ते’ नव्हतं, आणि कुंदा त्याच्याबरोबर एका घरात राहत होती. आणि आता वना येईल, रत्नाच्या घरी, दोन लेकरं आहेत घरात. मग पुढच्या साली आणखी एक. दरसाल एक. कायदाच आहे तो. त्यांच्या सहीचा.

किती वेळ गेला कळलं नाही. फोन वाजत होता. रत्ना होती. मागं शिवेचा तो आवाज.

“भाऊ, पंधराच दिस राह्यले. कळलं का हो काई? ते दुसरं?”

प्रेमराजभाऊंनी समोर पाहिलं. चौतीस वर्षांत त्यांनी कागदावर किंवा तोंडानं एकदाही हे खोटं सांगितलं नव्हतं. पण या शब्दासाठी घागर भरून ठेवता येत नव्हती.

“नाही ताई,” ते म्हणाले. “वाचत नाही.”

“बरं,” ती म्हणाली. “राहू द्या मग. येईनच तो... पाहू तेव्हा.” आणि तिनं फोन ठेवला.

त्यांनी टेबलावरून हात लांब करून समोरची खुर्ची चाचपली. गार होती. ती गार का झाली, याचा विचार त्यांनी फार वेळ केला नाही, कारण त्यांच्या मानेवर, कानाच्या जरा मागं, तीच ऊब लागत होती.